काळ वळवणाऱ्यांची श्रेणी : तिच्या सामर्थ्याला मर्यादा कशी घालावी?

कंदिलवाली यांचा प्रश्न :

नमस्कार. गेली दोन वर्षे मी एका कल्पित जगात घडणारी दीर्घ कथा लिहीत आहे आणि अकराव्या प्रकरणापाशी अशी अडकून पडले आहे की, इथल्या जाणत्या मंडळींना विचारल्यावाचून पुढे सरकता येईलसे दिसत नाही.

कथेतले नगर तीन नद्यांच्या संगमावर वसलेले आहे आणि तिथे काळावर काम करणाऱ्या मांत्रिकांची एक श्रेणी आहे. तिला मी तूर्तास कालश्रेणी म्हणते. तांबट, कोष्टी, सुतार यांच्या असाव्यात तशीच ही व्यावसायिकांची संघटना आहे. मूल उमेदवार म्हणून आत येते, बारा वर्षे वस्तादाच्या हाताखाली राबते आणि परीक्षेला उतरले तर त्याला स्वतःचा वेढा टाकण्याची परवानगी मिळते. वेढा म्हणजे तांब्याच्या तारेने आखून घेतलेली जागा. तिच्या आत काळ मंद करता येतो, वेगाने धाववता येतो आणि वस्ताद तेवढ्या ताकदीचा असेल तर एखादी घटिका, म्हणजे चोवीस मिनिटे, मागेही नेता येते. आंब्याची अढी चार दिवस आधी पिकवून देणे, लोणचे मुरवणे, जखम लवकर सुकवणे, लांबच्या प्रवासात दूध नासू न देणे ही त्यांची रोजची कामे आहेत, आणि ती लिहिताना मला फार मजा आली. श्रेणीच्या प्रमुखाला मी जुन्या पेठांतल्यासारखे शेटे म्हटले आहे.

अकराव्या प्रकरणात पुराच्या पाण्याने पूल कोसळतो आणि बाजाराहून परतणारी माणसे पाण्यात जातात. माझ्या मावसभावाने हस्तलिखित वाचून एवढेच विचारले की, शेटे घाटावर उभा आहे, तार त्याच्या हातात आहे, मग पूल पडण्याआधीची घटिका तो परत का आणत नाही? मी लिहिले की श्रेणीच्या कायद्याने मोठ्या घटना उलटवायला मनाई आहे. त्यावर तो म्हणाला, "स्वतःची मुलगी पुलावर असताना कायदा कोण पाळतो?" मग शेटे थकलेला होता असे मी लिहून पाहिले. ते वाचून तो नुसताच हसला.

माझी विचारणा अशी की, या विद्येला बाहेरून चिकटवल्यासारखी न वाटणारी, तिच्या स्वभावातूनच निघणारी मर्यादा कोणती असू शकेल? शिवाय श्रेणीचा चरितार्थ नेमका कशावर चालावा, आणि नगरातले सामान्य लोक तिच्याकडे कोणत्या नजरेने पाहतील, यावरही मते वाचायला आवडतील.

पाटपाणी यांचा प्रतिसाद :

तुमच्या मावसभावाचे म्हणणे रास्त आहे आणि कायद्याचे कलम दाखवून त्याचे समाधान होणार नाही. माझी सारी नोकरी पाटबंधाऱ्यांवर गेली, त्यामुळे तुमचा प्रश्न वाचताना मला काळाच्या जागी पाणीच दिसत राहिले. पण कदाचित त्याचा तुम्हाला उपयोग होईल.

पाणी निर्माण करता येत नाही, ते वळवता येते. काळालाही हाच नियम लावून पाहा. आंब्याची अढी चार दिवस पुढे न्यायची तर ते चार दिवस कुठून तरी आणावे लागतील, आणि जिथून ते आणले तिथे काळ तेवढा तुटेल. खालच्या अंगाच्या एखाद्या गावात रात्री विरजण लावलेले दूध सकाळी तसेच्या तसे दूध असेल. एकविसाव्या दिवशी अंड्यांतून पिल्ले बाहेर यायची, तर तिथली कोंबडी पंचविसाव्या दिवशीही खुडूक बसलेली असेल आणि घरची म्हातारी तिच्या पोटाखाली हात घालून अंडी चाचपत राहील. याउलट दूध ताजे ठेवण्यासाठी ज्या वेढ्यात काळ मंद केला, तिथे काळ शिल्लक पडतो आणि तो साठवता येतो. म्हणजे मंद वेढा हे तळे झाले आणि वेगाचा वेढा हा पाट झाला.

आता पुलाचे पाहू. पूल एक घटिका मागे न्यायचा म्हटले तर तो ज्या पाण्याने पाडला ते पाणीही मागे न्यावे लागेल, कारण तसे न केल्यास पूल उभा राहील आणि त्याच क्षणी पुन्हा पडेल. पण नदीचे पाणी चोवीस मिनिटे मागे रेटायचे तर ते कुठवर रेटणार? वरचा डोह, त्याच्या वरची खोंगळ, तिला मिळणारे ओढे, आणि ज्या ढगांतून पाऊस पडला ते ढग, हे सगळे वेढ्यात घ्यावे लागेल. लोणच्याच्या बरणीभोवती तार गुंडाळता येते, पाणलोट क्षेत्राभोवती ती गुंडाळता येत नाही. शेटे तार हातात धरून का उभा राहिला, याचे उत्तर त्याच्या समोर वाहते आहे. तिथे कायद्याची गरजच उरत नाही.

एक प्रत्यक्षातली गोष्टही सांगतो, कारण श्रेणीच्या कारभारासाठी ती उपयोगी पडेल. धुळे आणि नाशिक जिल्ह्यांत पांझरा, मोसम अशा नद्यांवर फड पद्धतीची जुनी व्यवस्था आहे. बंधाऱ्याखालची जमीन फडांमध्ये विभागलेली असते, एका फडात सर्वांनी एकच पीक घ्यायचे असते आणि बहुतेकांची थोडी थोडी जमीन निरनिराळ्या फडांत असते. पाणी देण्याचे काम पाटकरी करतो, पिकाची राखण जागल्या करतो. ज्या वर्षी पाणी कमी, त्या वर्षी एखादा अख्खा फड पडीक ठेवतात, आणि प्रत्येकाचा त्यात तुकडा असल्यामुळे तोटा एकट्यादुकट्याच्या डोक्यावर बसत नाही. तुमच्या श्रेणीत वेढा टाकणाऱ्या वस्तादाइतकाच महत्त्वाचा असा एक पाटकरी हवा, जो कुठल्या गावाचा काळ कधी तोडायचा याच्या पाळ्या लावतो. वस्तादाला लोक नमस्कार करतील, पण घाबरतील ते पाटकऱ्याला.

जुनापुराणा यांचा प्रतिसाद :

पाटपाणी यांनी तळ्याचा दृष्टान्त दिला आणि माझे काम सोपे केले, कारण साठवण म्हटली की ठेव आली आणि ठेव म्हटली की व्याज आले. तुमच्या दुसऱ्या विचारणेचे, म्हणजे श्रेणीच्या चरितार्थाचे उत्तर आपल्याच दगडांवर कोरलेले आहे.

नाशिकच्या पांडवलेण्यांतल्या दहाव्या लेण्यात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा एक लेख आहे. तो सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वीचा. उषवदाताने गोवर्धन इथल्या कोष्ट्यांच्या दोन श्रेणींकडे मिळून ३,००० कार्षापण, म्हणजे त्या काळची नाणी, ठेव म्हणून दिले. त्यांपैकी २,००० एका श्रेणीकडे दरमहा दरशेकडा एक या दराने आणि १,००० दुसऱ्या श्रेणीकडे दरमहा दरशेकडा पाऊण या दराने. पहिल्या ठेवीच्या व्याजातून लेण्यात वर्षावासाला, म्हणजे पावसाळ्याच्या मुक्कामाला, राहणाऱ्या वीस भिक्षूंना चीवरासाठी, म्हणजे वस्त्रासाठी, प्रत्येकी बारा कार्षापण द्यायचे होते. हिशेब करून पाहा : २,००० वर दरमहा २०, म्हणजे वर्षाला २४०, आणि वीस भिक्षूंना बारा बारा म्हणजेही २४०. एक कवडी इकडची तिकडे नाही. मी पहिल्यांदा तो हिशेब कागदावर मांडला तेव्हा त्या कोरलेल्या अक्षरांमागे कुणीतरी बोटे मोजत बसलेला कारकून मला दिसला होता.

तुमच्यासाठी महत्त्वाची अट पुढे आहे. ही अक्षयनीवी होती, म्हणजे कायमची ठेव. मुद्दल परत द्यायचे नाही, फक्त व्याज उपभोगायचे. हा व्यवहार निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, ऐकवून नोंदवलेला होता. राजाचा जावई सामान्य कोष्ट्यांच्या संघटनेवर एवढा विश्वास टाकतो, कारण राजवटी उलथतात पण श्रेणी टिकते, असा त्या काळच्या माणसांचा अनुभव असणार.

आता हे काळाला लावा. कुणी तरुण शेतकरी बेकार गेलेला दुष्काळी उन्हाळा मंद वेढ्यात बसून काढतो. बाहेर चार महिने जातात, त्याच्यावरून दहाच दिवस जातात, आणि उरलेले दिवस तो श्रेणीकडे ठेवतो. कुणी म्हातारी विधवा, जिला आता दिवस मोजण्यात रस उरलेला नाही, आपली वर्षे नातवंडांच्या नावाने अक्षयनीवी म्हणून लिहून देते. त्यावरच्या व्याजातून दवाखान्यातल्या जखमा सुकतात, अनाथ वासरे लवकर वाढतात. श्रेणीच्या तळघरात अशा मुद्दलाचा डोंगर साचलेला आहे. मेलेल्यांनी ठेवलेला तो काळ आहे, आणि त्याला हात लावायचा नाही, ही श्रेणीची एकमेव प्रतिज्ञा आहे. पूल पडतो त्या दिवशी शेट्याकडे काळ नसतो असे नाही; अमाप असतो. पण तो त्याचा नसतो. "मुलगी पुलावर असताना कायदा कोण पाळतो" हा प्रश्न मग मावसभावाकडून काढून घेऊन थेट शेट्याच्या तोंडी घालता येईल, आणि त्याचे उत्तर देणे ही त्याची अडचण होईल, तुमची राहणार नाही.

जाता जाता : नाशिकच्याच आभीर राजा ईश्वरसेनाच्या काळातल्या लेखात आजारी भिक्षूंच्या औषधोपचारासाठी ज्या श्रेणींकडे ठेवी दिल्या आहेत त्यांत तिलपिषक, म्हणजे तेली, आहेत आणि ओदयंत्रिक, म्हणजे पाण्याची यंत्रे करणारे, हेही आहेत. घटिका मोजायचे घटिकापात्र हेही पाण्याचेच यंत्र. कालश्रेणीचे पूर्वज कोण, असे कथेत कुणी विचारलेच तर ओदयंत्रिक हा शब्द मी तुम्हाला आनंदाने सुचवीन.

आडवाटेचा यांचा प्रतिसाद :

वरचे दोन्ही प्रतिसाद श्रेणीच्या आतून पाहणारे आहेत, म्हणून मी तिसऱ्या विचारणेवर, म्हणजे नगरातल्या लोकांवर लिहितो. माझ्या मते लोक या श्रेणीचा राग धरतील तो तिच्या मंत्रांमुळे नव्हे, तिच्या घंटेमुळे. तळघरात काय साठले आहे ते कुणाला दिसत नाही. सकाळ कधी झाली हे दुसऱ्या कुणीतरी ठरवलेले मात्र प्रत्येकाला टोचते.

मुंबईचे उदाहरण डोळ्यांसमोर ठेवा. १ जानेवारी १९०६ पासून सरकारने भारतीय प्रमाणवेळ लागू केली. मुंबईची स्थानिक वेळ तिच्याहून ३९ मिनिटे मागे होती. म्हणजे सूर्य होता तिथेच होता, कुणाचे एक पळही कमी झालेले नव्हते, आणि तरीही त्याच महिन्यात गिरणी कामगारांनी काम बंद ठेवले, दगडफेक झाली, हजारो नागरिकांनी अर्जांवर सह्या केल्या. कामगाराच्या बाजूने पाहिले तर त्यांचा राग कळतो : भोंगा त्याच आकड्याला वाजणार, पण आकाशाच्या हिशेबाने ३९ मिनिटे आधी, काळोखात. मुंबईत ही जुनी वेळ काही घड्याळांमधून १९५५ पर्यंत जिवंत राहिली. एकाच शहरात दोन वेळा, आणि भेटायचे ठरवताना "कुठल्या वेळेने?" असे विचारण्याची पाळी.

तुमच्या नगरात असे हवे. श्रेणीच्या मनोऱ्यावर घटिकेचे टोले पडतात, पण कोळीवाडा ते मानत नाही. तो भरती-ओहोटीने चालतो आणि श्रेणीच्या टोल्याला उपहासाने "तांब्याची वेळ" म्हणतो. पूल पडला तो नेमका कोणत्या घटिकेला, यावर चौकशीत दोन साक्षी जुळत नाहीत, कारण दोघे दोन वेगळ्या वेळा जगत असतात.

आणखी एक कल्पना, हवी तर घ्या. आपल्या पंचांगात चांद्रमासांचा सौरवर्षाशी मेळ राहावा म्हणून साधारण दर बत्तीस-तेहतीस महिन्यांनी अधिकमास येतो हे सर्वांना ठाऊक असते, पण क्षयमास फार थोड्यांनी अनुभवलेला असतो. १९६३-६४ मध्ये तो आला, मग १९८२-८३ मध्ये, आणि यापुढचा थेट २१२३-२४ मध्ये, म्हणजे १४१ वर्षांनी. पंचांगातून एक महिना नावानिशी नाहीसा होतो. प्रत्यक्षात दिवस काही कमी होत नाहीत, तो नावांचाच हिशेब आहे. पण तुमच्या जगात ते खरे धरायला काय हरकत आहे? जुनापुराणा यांच्या ठेवीदारांनी त्या गिळलेल्या महिन्याचे व्याज मागितले तर श्रेणीचा कारकून काय उत्तर देईल, हे वाचायला मी पैसे मोजीन.

सदाफुली यांचा प्रतिसाद :

सर्वांचा आदर राखून थोडा विरोध नोंदवते. पाट, व्याज, टोले हे सगळे पटले, पण एवढे वाचून झाल्यावर मला ही मांत्रिकांची श्रेणी न वाटता सहकारी पतपेढी वाटू लागली आहे. काळाशी खेळणाऱ्याच्या अंगावर काही उमटते की नाही?

पुराणातल्या रेवतीची गोष्ट आठवा. राजा ककुद्मी मुलीसाठी वर विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला, तिथे गाणे चालले होते म्हणून क्षणभर थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली. लहानपणी या गोष्टीतले मला काय लक्षात राहिले असेल, तर ती परत आली तेव्हा माणसे बुटकी झालेली होती आणि बलरामाने नांगराच्या टोकाने तिला आपल्या उंचीची केली, हे. युगांच्या आकड्यांनी मन हलत नाही. नवऱ्याच्या डोक्यावरून पलीकडचे दिसणारी नवी नवरी डोळ्यांसमोर आली की हलते.

तुमचे उमेदवार वेगाच्या वेढ्याच्या कडेला उभे राहून तार धरत असतील, तर त्यांचा तार धरणारा हात रोज थोडा थोडा आत जात असणार. बारा वर्षांच्या उमेदवारीनंतर त्यांचा उजवा हात डाव्यापेक्षा वीस वर्षांनी म्हातारा असेल. हाताच्या बोटांची नखे महिन्याला साधारण तीन मिलिमीटर वाढतात; या मुलांची उजव्या हाताची नखे आठवड्यातच तेवढी वाढतील, आणि बाजारात नरुणी घेऊन बसणारा न्हावी नुसता हात पाहून ओळखेल की हे पोर श्रेणीतले आहे. उमेदवाराची आई त्याला जेवायला वाढताना त्याच्या डाव्या हाताकडेच पाहत असेल. तुमचे श्रेणीचे चिन्ह, गणवेश वगैरे काही असेल तर काढून टाका. तो हात पुरे आहे.

आणि पुलापाशी शेट्याला रडवू नका, एवढी विनंती.

कंदिलवाली यांचा प्रतिसाद :

आपण सर्वांनी एवढा वेळ दिलात, त्याबद्दल मनापासून आभार. गेल्या आठवड्यात मी अकरावे प्रकरण मोडून पुन्हा लिहिले. घटिका मागे नेण्याची विद्या मोठ्या कामांसाठी पूर्णच काढून टाकली, कारण पाणलोटाचा मुद्दा वाचल्यावर तिच्यात काही जीव उरला नाही. क्षयमासाचा मोह टाळते आहे. तो आला तर दुसऱ्या भागात येईल, नाहीतर याच भागात तोच नायक होऊन बसेल. पतपेढीचा आरोप मान्य आहे आणि हाताची कल्पना मी जशीच्या तशी घेतली आहे. नव्या मसुद्यातला एक उतारा देते. पूल पडलेला आहे, मधल्या खांबावर अकरा माणसे अडकली आहेत आणि त्यांच्यापर्यंत दोरखंड पोचवायचा आहे, पण तेवढा लांब दोरखंड नगरात तयार नाही.

"शेट्याने नदीकडे पाठ केली. पुलाकडे पाहत राहण्यात आता अर्थ नव्हता. त्याने खतावणी धरून उभ्या असलेल्या कारकुनाला विचारले, 'आजचे व्याज किती?' कारकुनाने पान उलटले. 'वाटप होऊन आठ घटिका शिल्लक.' 'आणि मुद्दल?' कारकुनाने वही मिटली आणि तो काहीच बोलला नाही. शेट्याची मुलगी खांबावर होती हे त्यालाही ठाऊक होते.

घाटावरच्या धर्मशाळेच्या ओसरीभोवती तार ताणली गेली. आत दोर वळणारी सहा माणसे, अंबाडीचे भारे, पाण्याची एक घागर आणि मधोमध घंगाळ, त्यावर तरंगणारे तांब्याचे पात्र. उमेदवार मुलीने उजव्या हाताने तारेचे टोक धरले, आणि तिचे मनगट वेढ्याच्या आत गेले. बाहेर उभ्या असलेल्यांना आतली माणसे धूसर दिसू लागली, जशी उन्हात तापलेल्या रस्त्यावरची दिसतात. पात्र बुडाले. पुन्हा तरंगत ठेवले गेले. पुन्हा बुडाले. आतल्यांना घाई करण्याचे कारण नव्हते. ते थांबून तंबाखू मळत होते, पीळ तपासत होते, सैल पडलेला पेड उकलून पुन्हा वळत होते. आठव्यांदा पात्र बुडाले तेव्हा बाहेर कुणाचे 'रामा, रामा' म्हणून होत होते, तेवढाच वेळ गेला होता. दोरखंडाचे वेटोळे ओसरीच्या आढ्याला टेकले होते. मुलीने टोक सोडले आणि हात पदराखाली घेतला."

पुढे दोरखंड पोचतो, नऊ माणसे येतात. शेट्याची मुलगी येते की नाही ते इथे सांगत नाही. श्रेणीने व्याजातूनच खर्च केला, मुद्दलाला हात लावला नाही, अशा समाधानात प्रकरण संपते. पण या समाधानामुळेच ते मला किंचित गुळगुळीत वाटते आहे.

पाटपाणी यांचा प्रतिसाद :

उतारा आवडला, विशेषतः तंबाखू मळणारे दोरवाले. गुळगुळीतपणा कशाने आला ते मात्र मला घंगाळाकडे पाहून कळले.

घटिकापात्राच्या बुडाला सुईच्या टोकाएवढे छिद्र असते, त्यातून पाणी आत चढते आणि साठ पळांनी पात्र बुडते. भास्कराचार्यांच्या लीलावतीची दंतकथा आपण सगळ्यांनी ऐकलेली आहे : लग्नघटिका पाहायला ती पात्रावर ओणवली, तिच्या अंगावरचा एक मोती आत पडून छिद्र बुजले आणि मुहूर्त कधी टळला ते कुणाच्या लक्षातच आले नाही. तुमच्याकडे मोत्याची गरज नाही, कारण पूर आहे. पुराचे पाणी म्हणजे गाळ. घागर नदीतूनच भरली असेल आणि पाणी गाळून घेतले नसेल तर दर बुडीबरोबर छिद्राच्या कडेला रेव धरत जाईल. पहिली घटिका साठ पळांची, दुसरी बासष्टांची, आठवी कदाचित ऐंशीची. शिवाय पावसाळी थंड पाणी बारीक छिद्रातून थोडे सावकाशच चढते. तुमच्या कारकुनाने आठ बुड्या मोजल्या आणि आठ घटिका लिहिल्या. प्रत्यक्षात आत नऊच्या वर गेल्या असणार. वरची घटिका कुठून आली?

म्हणजे मुद्दलाला हात लागला आहे आणि ते श्रेणीत कुणालाच ठाऊक नाही. खालच्या गावात मात्र एक विरजण लागलेले नाही.

कंदिलवाली यांचा प्रतिसाद :

हे वाचून मी अर्धा तास नुसती बसून होते. घंगाळाशेजारी पाणी गाळायचे फडके असतेच, ते माझ्या चौथ्या प्रकरणात आधीच आलेले आहे. उमेदवाराचे पहिल्या वर्षाचे कामच ते. तेव्हा बाराव्या प्रकरणाच्या सुरुवातीला कारकून धर्मशाळेत वही विसरली म्हणून परत जातो आणि ओसरीच्या खुंटीवर ते फडके त्याला दिसते. रात्रभर पाऊस झालेला आहे, खालची फरशी ओली आहे, आणि फडके कोरडे आहे, त्याची सकाळची घडीसुद्धा मोडलेली नाही. ते वापरायला तारेपाशी उभी असलेली मुलगी विसरली की तिला कुणी "राहू दे" म्हणून सांगितले, एवढेच आता ठरवायचे आहे.